तळ्यावरचं आरमार

आमच्या जर्मनीतल्या ब्राउनश्वाइगच्या घरात स्वयंपाकघराच्या दाराआड एक पिशवी टांगलेली आहे. तिच्यात रिकाम्या बाटल्या साठतात. त्या फेकायच्या नसतात, दुकानात परत देऊन अनामत घ्यायची. इथं त्याला फांड म्हणतात. आज एक, उद्या एक, आणि बघता बघता पिशवी अशी फुगते की दार लागेनासं होतं. मग कुणीतरी ती खांद्यावर मारून निघतं. किस्स्यांचं अगदी तसंच आहे. माझी पिशवी आता गच्च झाली आहे नि दार लागत नाही!

मी बोलते आहे आणि आमची सून ऋचा उतरवून घेते आहे. शाळेची पायरी मी काही चढले नाही. ऋचा म्हणते, "आई, थोडक्यात सांगा हं." थोडक्यात सांगायला मी काय डॉक्टरची चिठ्ठी आहे?

हे सगळे किस्से एकाच जागेचे. आमच्या बिल्डिंगमागे नदीकाठी गवतात एक डोलकाठी रोवली आहे. जहाजावर असते तशी, खरीखुरी! समुद्र इथून कुठल्या कुठे लांब. तिच्याशेजारी एक बसकी लाकडी इमारत आहे. ते म्हाताऱ्या खलाशांचं मंडळ. कैसर बादशहाच्या काळात आरमारातून सुटून गावी आलेल्या पोरांना समुद्राशिवाय करमेना, म्हणून त्यांनी ते काढलं. आता तिथं त्यांची मुलं-नातवंडं म्हातारी झाली आहेत. पण आत अजून जमिनीला जमीन म्हणायचं नाही, डेक म्हणायचं. दर अर्ध्या तासाला घंटा वाजणार. आणि शंभर वर्षांपूर्वी शिकाऊ खलाशी सकाळी डोळे उघडल्यापासून जे जे करायचा, ते ते ही मंडळी अजून करतात आणि जो सापडेल त्याला शिकवतात. घरी स्वतःची ताटली उचलत नसतील, पण तिथं भांडी घासायला पाळ्या लावतात!

*

माझा तिथं शिरकाव झाला तो गोधडीमुळे.

हिवाळा सरत आला होता, कधी नव्हे ते ऊन पडलं होतं. बाल्कनीच्या कठड्यावर पांघरुणं टाकायची नाहीत असा बिल्डिंगचा नियम. इथं प्रत्येक घराला नियम असतात, हाउसऑर्डनुंग म्हणतात, आणि ते आपल्याला नसले तरी शेजाऱ्यांना तोंडपाठ असतात. मी गोधडी घेऊन खाली आले. बघते तर काय, गवतात उंच काठी, काठीला चांगली जाड दोरी, आणि दोरी रिकामी! मी दोन टोकं बांधली नि ओढली. वर कप्पी होती. गोधडी सुळकन वर! जुन्या लुगड्यांच्या तुकड्यांची माझी गोधडी, लाल, पिवळे, निळे, पांढरे चौकोन, अशी काही फडफडायला लागली की मीच बघत राहिले.

तेवढ्यात त्या इमारतीतून दोन म्हातारे धावत आले. एक उंच, दाढीवाला. तो उवे, मंडळाचा प्रमुख. जन्मभर आरमारात खलाशांचा मुकादम होता. दुसरा ठेंगणा, धावता धावता टोपी सरळ करणारा. तो क्लाउस. क्लाउस जन्मभर पोस्टात होता, एक दिवसही समुद्रावर गेलेला नाही, म्हणून नियमांना सगळ्यांत कडक!

क्लाउसच्या हातात एक जाड पुस्तक. तो वर बघे, पुस्तकात बघे, परत वर बघे. माझी नात सई शाळेतून येत होती, तिला मी हाक मारली. "बघ गं, हा काय म्हणतोय? पोलीस बोलावतोय काय?"

सई खो-खो हसायला लागली. बोटींची म्हणे रंगीत निशाणांची भाषा असते. क्लाउस माझी गोधडी वाचत होता!

"मग विचार, काय लिहिलंय?"

क्लाउसनं पुस्तकावर बोट ठेवलं आणि गंभीर तोंडानं वाचून दाखवलं. "माझ्या जहाजाला आग लागली आहे. मला डॉक्टर हवा आहे. मला वाट दाखवणारा हवा आहे. आणि मी जाळं ओढते आहे."

उवे माझ्याकडे नीट बघून म्हणाला, "एवढं सगळं होत असताना मासे धरणारी बाई आम्हाला मंडळात हवी!"

*

आता बोटीचं सांगते, कारण पुढं जे काही झालं ते सगळं तिच्यापायी.

इमारतीमागे एक शेड आहे. उवेनं एकदा ती उघडून दाखवली. आत कटर. कटर म्हणजे दहा वल्ह्यांची लांब, जड लाकडी होडी. ती शिकाऊ पोरांच्या जहाजाच्या कुशीला टांगलेली असायची आणि पंधरा-सोळा वर्षांची पोरं तिच्यात बसून वल्हवायला शिकायची. त्यातलं एक पोर म्हणजे उवेचा बाप. बापाच्या पन्नाशीला हा झाला. त्यामुळे त्या जहाजावरची सकाळची शिट्टी, बर्फासारखं पाणी, वाटाण्याची आमटी, सगळं उवे असं सांगतो की जणू स्वतःच जेवून उठलाय.

"पण बोट आमची नाही," तो म्हणाला. उत्तरेला समुद्रकाठी एक म्युझियम आहे, त्यांची. फार पूर्वी वापरायला दिलेली. अट एकच, वापरात असली पाहिजे. आता मंडळात कुणाचा गुडघा गेलाय, क्लाउसच्या खांद्याचं ऑपरेशन झालंय. बोटीला पाणी लागून काळ झाला. म्युझियमनं कळवलं होतं, पुढच्या वसंतात आमचा माणूस येईल. दहाच्या दहा वल्ह्यांनिशी बोट गावातल्या तळ्याला फेरी मारून आली तर राहू द्या. नाही तर ट्रक पाठवतो.

"नेईनात का," मी म्हटलं. "नीट ठेवतील की."

सईनं ते जर्मनमध्ये सांगितलं. उवेनं बोटीच्या फळीवर हात फिरवला. "नीटच ठेवतील. कोरडी. भोवती दोरी बांधून. 'हात लावू नका' अशी पाटी लावून. आणि मी तिकीट काढून माझ्या बापाची बोट बघायला जायचं. आजी, जी बोट कुणी वल्हवत नाही, ते फर्निचर!"

मी सईला म्हटलं, "सांग त्याला, माणसांचं मी बघते."

माणसं कुठून आणली? गणपतीतून! इथल्या टेक्निकल युनिव्हर्सिटीत आपली पोरं ढीगभर आहेत. हॉल भाड्यानं घेऊन गणपती बसवतात आणि मोदकांच्या पातेल्याशी मला बसवतात. त्या वर्षी मी झाकणावर हात ठेवूनच बसले.

"मोदक पाहिजे?"

"हो आजी."

"वल्हवायला शिकशील?"

"आं?"

"मग बाजूला हो बाळा, रांग अडवू नकोस."

पुण्याचा अनिकेत, बॅटऱ्यांवर पीएचडी करतो, तो म्हणाला, "आजी, हे चक्क ब्लॅकमेल आहे!"

मी म्हटलं, "हो. त्यावर तूप घालू का?"

पुढच्या रविवारी सगळे हजर.

*

पहिल्या रविवारी उवेनं बोट दाखवलीच नाही. हातात वाळू दिली आणि घासायचे दगड दिले. मंडळाचा लाकडी ओटा म्हणजे डेक. तो घासायचा, अनवाणी, ओळीनं, गुडघ्यांवर. कैसरच्या शिकाऊ पोरांचा दिवस असाच सुरू व्हायचा म्हणे, थंडी असो की वारा.

आपली पोरं! लगेच मीटिंग. अनिकेत म्हणाला, "आजी, यांना सांगा, पाण्याच्या प्रेशरचं मशीन मिळतं. वीस मिनिटांत डेक साफ. शिवाय मुळात तो घाण नाहीये. काल यांनीच धुतलाय."

सईनं सांगितलं. उवेला राग आला नाही. तो म्हणाला, "माझ्या बापानं पहिल्या दिवशी ऑफिसरला हेच विचारलं होतं. ऑफिसर म्हणाला, डेक घाण आहे म्हणून घासत नाहीत. तू इथं आहेस म्हणून घासतात!"

मी कपाळावर हात मारला. लग्न होऊन आले तेव्हा सासूबाई सारवलेली ओसरी मला परत सारवायला लावायच्या, तेव्हा हेच शब्द ऐकले होते.

मी सईला म्हटलं, "विचार त्याला, तो ऑफिसर आमच्या सासूबाईंच्या माहेरचा होता काय?"

*

गुरुवारचं ऐका आता. आरमाराची जुनी रीत अशी की गुरुवारी दुपारी खलाशांचा रविवार. काम थांबवून कॉफी आणि केक. रविवार यायला अजून अवकाश असतो, तोवर माणसानं कशावर जगायचं? मला रीत पसंत पडली. पण गुरुवारी माझा उपवास!

क्लाउसनं माझ्यापुढं केक ठेवला. मी हात जोडले. "अंडं आहे ह्यात. आज मला चालत नाही."

क्लाउसचा चेहरा पडला. "फ्राउ आजी, ही परंपरा आहे!" तो मला फ्राउ आजी, म्हणजे श्रीमती आजी म्हणतो. पोस्टातला माणूस, नुसतं आजी म्हणणं त्याला उघडं उघडं वाटतं.

"माझी पण परंपराच आहे," मी म्हटलं आणि डबा उघडला. साबुदाण्याची खिचडी, दाण्याचं कूट सढळ हातानं घातलेली. "उपवासाला हे खातात."

"म्हणजे उपवासाला खातात?" क्लाउसनं सईला दोनदा विचारून खात्री करून घेतली. मग चमचाभर घेतली. मग वाटीभर घेतली. मग खुर्ची माझ्याकडे सरकवली.

पुढच्या गुरुवारी उवेनं त्याला केक दिला, त्यानं खाल्ला. मग वाटी घेऊन माझ्यासमोर उभा राहिला.

"काय रे क्लाउस, आता केक खाल्लास ना?"

"हो, हो," तो म्हणाला. "ती परंपरा झाली. आता उपवास!"

*

पोहण्याचा किस्सा छोटा आहे.

त्या काळी आरमारात भरती होणाऱ्या कितीतरी पोरांना पोहता यायचं नाही. मग ऑफिसर त्यांच्या कमरेला पट्टा बांधायचा, पट्ट्याला दोरी, दोरीला काठी, आणि काठावर उभं राहून पोराला पाण्यात सोडायचा. गळाला मासा लावल्यासारखा! उवेच्या बापानं म्हणे तळ्यातलं निम्मं पाणी पिऊन संपवलं तेव्हा कुठं तो तरंगला.

क्लाउस माझ्याकडे वळला. "फ्राउ आजी, तुम्हाला पोहता येतं?"

मी म्हटलं, "आमचं गाव जत तालुक्यात. आमच्याकडे बुडायचं म्हटलं तरी आधी टँकरला सांगावं लागायचं!"

*

थंडीत बोट बाहेर काढता येईना, तेव्हा हॉलमध्ये झोळ्या टांगल्या. खलाशी झोळीत झोपायचे. सकाळी ती अशी घट्ट वळून बांधायची की बोट बुडालीच तर तिला धरून माणूस थोडा वेळ तरंगला पाहिजे. उवे म्हणाला, "जो झोळीत नीट चढला नाही, तो बोटीतही चढणार नाही."

दुपारभर आपली पोरं एका बाजूनं चढत होती आणि दुसऱ्या बाजूनं पडत होती. प्राजक्ता, जी युनिव्हर्सिटीत पूल बांधायचं शिकते, तिनं कागदावर वजनाचा हिशोब मांडला. आणि मग पडली.

शेवटी उवे म्हणाला, "आल्झो, बरं, इकडे बघा," आणि त्या वयात अलगद आत जाऊन पडला. झोळी माझ्या हाताशी होती. मला काय माहीत, हाताला सवय! मी दोरीला एक झोका दिला. मग आणखी एक. पोरं वाट बघतायत, उवे पुढं काय शिकवतोय. उवे घोरायला लागला!

सगळे चिडीचूप. अख्ख्या मंडळात मुकादमाला उठवायची छाती कुणाची? पण तेवढ्यात क्लाउस उठला. घंटेची वेळ झाली होती. ती घंटा म्हणजे केवढी, देवळातल्यासारखी! आणि क्लाउसनं एवढ्या वर्षांत एकही घंटा चुकवलेली नाही.

मी दोन्ही हात पसरून घंटेपुढं उभी राहिले. "खबरदार वाजवशील तर!"

क्लाउस कळवळून म्हणाला, "फ्राउ आजी, नियम!"

"दमलाय तो, झोपू दे!"

क्लाउसला घाम फुटला. एकीकडे घंटा, एकीकडे मुकादम, मध्ये मी. मग तो खाली बसला, शांतपणे डावा बूट काढला, लोकरीचा मोजा काढला, तो घंटेच्या लोळ्यावर चढवला, आणि वेळेवर घंटा वाजवली. बुद्. बुद्.

*

वल्हवण्याची पहिली शिकवणी पण हॉलमध्येच झाली. दोन ओळींत बाक, प्रत्येकाच्या हातात लांब दांड्याचा झाडू. समोर सुकाणूच्या जागी खुर्चीवर उवे. तोवर भिडू कमी पडले म्हणून मी घरच्यांनाही आणलं होतं. माझा मुलगा मिलिंद पाठ धरून, ऋचा लॅपटॉप बंद करून, आणि सई तर आपणहून.

वल्हवणाऱ्याचं तोंड मागे असतं आणि बोट जाते पाठीच्या दिशेला. कुठं चाललोय ते फक्त सुकाणूवाल्याला दिसतं. झालं! आपली माणसं, पाठीमागे काय चाललंय ते बघितल्याशिवाय राहतील? दर झाडूगणिक दहा माना वळत होत्या.

"नजर माझ्याकडे!" उवे ओरडला.

"पण आपण कुठं चाललोय?" अनिकेत.

"हॉलमध्ये बसलाय तुम्ही! कुठंच नाही!"

मग हुकूम. उवे म्हणाला, 'वल्ही उभी!' अनिकेत म्हणाला, "का?" प्राजक्ता म्हणाली, "सगळ्यांची एकदम का? आलटूनपालटून केली तर?" मिलिंद म्हणाला, "ग्रुपवर पोल घेऊ या." ऋचानं तेवढ्यात घेतलासुद्धा!

उवेनं टोपी काढली, डोकं पुसलं आणि मला विचारलं, "आजी, खरं सांगा. यांच्यात खलाशी कोण आहे?"

मी म्हटलं, "कुणीच नाही. हे सगळे अध्यक्ष आहेत."

*

मध्येच एक शिट्टीचं सांगून टाकते, नाही तर विसरेन. जहाजावर शिट्टी फुंकायची नाही. एक मुकादम फुंकेल तेवढीच. बाकी कुणी गाण्याची शीळ घातली की वारं जागं होतं, असा खलाशांचा समज. मिलिंदला सवय, काम करताना शीळ घालायची. त्यानं डेकवर घातली मात्र, क्लाउस पांढरा फटक! आणि खरंच सांगते, त्या दुपारी असं वारं सुटलं की शेडचा पत्रा उडून शेजारच्या गाडीवर.

मिलिंद म्हणाला, "आई, अंधश्रद्धा आहे ही."

मी म्हटलं, "असेल बाबा. पण उद्या चादरी वाळत घालणार आहे, दोन मिनिटं येऊन शीळ घाल."

*

एप्रिलात बोट तळ्यावर आणली. आमच्या गावातल्या तळ्याचं नाव ज्यूडझे, म्हणजे दक्षिण समुद्र! आता बोला. समुद्र नाही तर नाही, नाव तरी.

पहिल्याच दिवशी बोट गोल फिरायला लागली. डाव्या हाताला सगळे मेकॅनिकलवाले बसले होते, उजव्या हाताला सगळे सॉफ्टवेअरवाले. डावे ओढतायत, उजवे चर्चा करतायत. बदकं लांब जाऊन बघत बसली. उवे सुकाणूवरून म्हणाला, "ही बोट जहाजाबरोबर अख्खा अटलांटिक ओलांडून आलीय. स्वतःची शेपटी धरायला आजच निघाली!"

एकाचं वल्हं पडलं की दुसऱ्याचं उठायचं. ताल म्हणून नाही. मी काठावरून बघत होते. मनात म्हटलं, ही पोरं एकत्र काय करतात? एकाचं दुसऱ्याशी पटत नाही, पण एका गोष्टीला सगळ्यांच्या टाळ्या बरोबर पडतात. मी ओरडले, "अरे, आरती म्हणा!"

आणि काय सांगू! गणपतीची आरती सुरू झाली आणि दहा वल्ही एकदम पाण्यात, एकदम बाहेर. बोट तिरासारखी सरळ! काठावर फिरायला आलेले लोक थांबले. उवेचे डोळे भरून आले. क्लाउसनं टोपी काढली.

पण आपली आरती कशी असते ते तुम्हाला ठाऊक आहे. सुरुवात संथ, मग जरा चढते, मग शेवटाला तर टाळ्या नुसत्या कोसळतात! कडव्यागणिक बोट चढतीला लागली. समोर बोट लावायचा धक्का. उवे ओरडतोय, "थांबा! वल्ही थांबवा!" पण आरती कधी कुणी मध्येच थांबवलीय? थांबवतात का?

धक्क्याची एक फळी गेली. बोटीच्या नाकाला चांगलंच खरचटलं. उवेनं खाली वाकून ते नाक चाचपलं. म्युझियमचा माणूस यायला थोडेच आठवडे उरले होते. सगळे माना खाली घालून उभे.

शेवटी तो उठला आणि मला म्हणाला, "आजी, तुमच्या देवाला विचारा. त्याच्याकडे ब्रेकवालं गाणं आहे का?"

*

आणि आता तो दिवस.

बोटीचं नाक दुरुस्त झालं होतं, रंग दिला होता. पोरं आता मोजून ओढायला शिकली होती. उवे तोंडानं आइन्स, त्स्वाय, म्हणजे एक, दोन म्हणायचा आणि कुणी का म्हणून विचारायचं नाही. निदान मोठ्यानं नाही.

रविवारी सकाळी म्युझियमचे हेर फोग्ट, हेर म्हणजे इथं श्रीयुत, बरोबर ठरल्या वेळी आले. बुटका माणूस, चष्मा, कडक इस्त्रीची फिकी पँट, खिशात मोजायची टेप. स्वभावानं चांगला, हे लगेच कळलं. पण ट्रकवाल्याला आधीच फोन करून ठेवला होता, हेही कळलं.

आणि अनिकेत नाही! तो ड्रेस्डेनला मुलाखतीला गेला होता, सकाळच्या गाडीनं यायचा होता. गाडी रद्द. पुढची गाडी आली, तर मध्येच कुठंतरी उभी. ऋचा फोन कानाला लावून नुसती मान हलवत होती.

सगळे आपापल्या जागी बसले. मधलं एक वल्हं तसंच पडून. सुकाणूवर उवे, ताठ. काठावर उरलो कोण? क्लाउस, मी, आणि हेर फोग्ट.

क्लाउसनं कोट काढला. "मी बसतो."

"त्या खांद्यानं?" उवे म्हणाला. "दोन हात मारलेस की तुला दवाखान्यात न्यायला लागेल. कोट घाल."

"मग नऊ जणांनी—"

"नाही. रिकामी जागा घेऊन कटर सुटत नाही. माझ्या बापाच्या वेळेला नाही सुटली, आज नाही सुटणार."

सई वल्ह्याची मूठ धरून बसली होती. हेर फोग्ट खाकरले. "मला वाईट वाटतं," ते हळू आवाजात म्हणाले. "खरंच वाटतं. पण ठरलं होतं दहा वल्ह्यांचं. ट्रक बुधवारी येऊ शकेल. मी तेवढी मापं घेऊन टाकतो."

उवेनं नुसती मान हलवली.

हेर फोग्टनी धक्क्यावरून बोटीत पाय टाकला. जपून, तोल सांभाळत. एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत टेप धरली. चष्मा वर केला. आकडा वाचता येईना, म्हणून त्या रिकाम्या बाकावर टेकले.

धक्क्याला बांधलेली दोरी माझ्या पायाशी होती. मी ती सोडली आणि बोटीला एक ढोस दिली.

"अरे! अरे!" हेर फोग्ट उठायला गेले, बोट हलली, परत बसले. धक्का हातभर लांब गेला, मग पुरुषभर.

क्लाउस माझ्याकडे बघत राहिला. "फ्राउ आजी!"

आणि उवेचा आवाज! तसा आवाज मी त्याचा आधी कधी ऐकला नव्हता. "वल्ही हातात! तुम्ही पण, मधले! नजर माझ्याकडे!"

हेर फोग्टनी एकदा पाण्याकडे बघितलं, एकदा धक्क्याकडे. मग टेप खिशात घातली आणि वल्हं उचललं.

पहिले चार हात त्यांचं वल्हं नुसतं पाणी उडवत होतं. मागच्या प्राजक्ताच्या अंगावर तुषार. पाचव्याला पाण्यात बसलं. आइन्स, त्स्वाय. आइन्स, त्स्वाय. बोट झाडांच्या सावलीत गेली, तळ्यातल्या बेटाच्या मागे दिसेनाशी झाली. क्लाउस आणि मी काठावर, दोघांनी एकमेकांचा हात धरलाय हे नंतर लक्षात आलं.

मग वल्ह्यांचा आवाज आधी आला आणि मागून बोट. सरळ. दहा वल्ही एकदम वर, एकदम खाली. धक्क्याशी येऊन अशी टेकली की चहाचा कप हिंदकळला नसता.

पोरं ओरडली नाहीत, टाळ्या नाहीत. सगळे हेर फोग्टकडे बघत होते. ते धक्क्यावर चढले. इस्त्रीची पँट गुडघ्यापर्यंत ओली, केस उभे, चष्म्यावर पाणी. चष्मा पुसला. श्वास घेतला.

मग त्यांनी खिशातून टेप काढली, वळले, आणि परत बोटीत उतरले. आपल्या बाकावर जाऊन बसले. पाय लांब केले, आणि बाकापासून समोरच्या पाय टेकायच्या फळीपर्यंत माप घेतलं. दोनदा घेतलं.

उवेकडे बघून म्हणाले, "ही फळी माझ्या पायांना चार बोटं लांब पडते. पुढच्या रविवारच्या आत जवळ घ्या!"